चौथं प्रकरण

सर, गेल्या शनिवारी सकाळी मी पूजा अर्धवट टाकून उठलो. असं मी कधी करत नाही. देवांना स्नान घालून झालं होतं, गंध उगाळून ठेवलं होतं, तेवढ्यात फोनवर तुमच्या मुलीचा निरोप आला. तुमच्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघते आहे आणि प्रस्तावना मी लिहायची, कारण "बाबांचा सगळ्यात लाडका विद्यार्थी तूच." ओल्या हातानंच कपाटातलं पुस्तक काढलं, फरशीवर बसलो आणि चौथ्या प्रकरणाच्या समासात पेन्सिलीनं रेघ ओढत गेलो. एकोणीस पानं. देव तोवर ताम्हनातच होते.

तुम्हाला जाऊन सोळा वर्षं झाली. तुम्ही आम्हाला हायस्कुलात इतिहास शिकवायचात. एका सुट्टीत पुण्याला सिनेमाचं शिबिर करून आलात आणि तिथे पाहिलेल्या एका डॅनिश मूकपटानं तुम्हाला झपाटलं. त्याच्या लेखक-दिग्दर्शकाचं चरित्र मराठीत लिहायचंच, असं तुम्ही ठरवलंत. पोरं तुमच्या पाठीमागे ओरडायची, "डेन्मार्क आला रे, फळा पुसा!" तुम्ही ऐकून सोडून द्यायचात. तो माणूस सुरुवातीला कंपनीला नुसत्या गोष्टी लिहून द्यायचा. पडद्यावर कंपनीचं चिन्ह झळकायचं, याचं नाव कुठेच नाही. पुढे त्याच्या हाती कॅमेरा आला, तेव्हा कुठे लोकांना कळलं की हा कोण. हे सांगताना तुम्ही टेबलावर हात आपटायचात. "नाव गिळलं रे त्याचं! लिहिणाऱ्याचं नाव गिळणं ही चोरीच." मी तिसऱ्या बाकावर बसून ते खरं मानत होतो.

मी बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षाला असताना तुम्ही मला घरी बोलावलंत. इंग्रजी लेखांच्या झेरॉक्सचा गठ्ठा पुढे ठेवलात आणि म्हणालात, "तुझं मराठी स्वच्छ आहे. चौथं प्रकरण तू कर." अख्खी सुट्टी मी तुमच्या स्वयंपाकघरात काढली, कारण घरातला एकुलता पंखा तिथे होता. मांडीवर शब्दकोश, शेजारी बाई (तुमच्या मिसेसना आम्ही सगळे बाईच म्हणायचो) शेंगदाणे भाजतायत. एका तळटीपेत मला ती गोष्ट सापडली. रशियातल्या प्रेक्षकांना शोकांत लागायचा, म्हणून डॅनिश कंपन्या एकाच सिनेमाचे दोन शेवट काढायच्या. बाकीच्या देशांत नायिकेचं लग्न, रशियात मरण. सकाळी जिला बोहल्यावर चढवली तिलाच दुपारी नदीत ढकलताना या माणसाला काय वाटत असेल, यावर मी चार दिवस घालवले. बाई म्हणाल्या, "अरे, ती मेली की वाचली ते एकदाचं ठरव आणि चहा घे. निवतोय." मग महायुद्ध आलं, बाहेरच्या बाजारपेठा बंद पडल्या, कंपनी आटली. शेवटी त्याच्याकडे एक लहानसं थिएटर उरलं आणि तो तिथे दुसऱ्यांचे सिनेमे दाखवत राहिला.

पुस्तक शाळेतच प्रकाशित झालं. आभाराच्या पानावर मुख्याध्यापक होते, छापखाना होता, झेरॉक्सवाला होता. मी नव्हतो. संध्याकाळी तुमच्या घरी येऊन मी विचारलं, तेव्हा तुम्ही पानाला चुना लावत होतात. "एक प्रकरण लिहून कोणी लेखक होत नाही. आणि गुरुदक्षिणेची पावती मागतात का रे?" आतून बाई म्हणाल्या, "अहो, पोराचं नाव घातलं असतं तर शाई संपली असती का?" तुम्ही म्हणालात, "तू गप्प बस." मी वाकून तुमच्या पाया पडलो आणि निघालो. त्या नमस्काराची मला अजून लाज वाटते. गुरूला द्यायचं असतं ते शिष्यानं आपल्या हातानं द्यायचं असतं. तुम्ही ते न विचारता उचललंत, आणि वर त्याला पवित्र नाव दिलंत. आपल्या संतांनीसुद्धा अभंगाच्या शेवटच्या चरणात स्वतःचं नाव घातलं. देवाला त्याचा राग आलेला ऐकिवात नाही.

त्यानंतर मी काही लिहिलं नाही. आखातात, रास अल खैमात टाइल्सच्या कारखान्यात बावीस वर्षं माल तपासतो. इथे प्रत्येक खोक्यावर तपासणाऱ्याचा नंबर छापतात. चूक निघाली तर कुणाची, ते कळायला. माझा नंबर कुठल्या कुठल्या देशांत गेला, सर.

शनिवारी जेवताना मी घरात सगळं सांगितलं. मुलगी म्हणाली, "बाबा, दॅट्स प्लेजरिझम. सिम्पल." बायको म्हणाली, "गेलेल्या माणसाशी काय भांडायचं? दोन चांगली वाक्यं लिहा नि सोडा." मुलीनं ताट उचललं. "नो आई. ही शुड राइट इट. लिहा आणि सेंड करा, खलास." आठवडाभर मी रोज गंध उगाळताना हाच विचार करत होतो. तुमची मुलगी दुखावेल. बाई अजून आहेत, त्यांना कोणीतरी वाचून दाखवेल. आणि नाही लिहिलं, तर ही आवृत्तीही तशीच छापली जाईल, आणि तिसरी निघेल तेव्हा विचारायला मी असेन की नाही कोण जाणे.

काल प्रस्तावना पाठवली. तुमच्याबद्दल चांगलं लिहिलं आहे, ते खोटं नाही. मग लिहिलं आहे, "या पुस्तकातलं चौथं प्रकरण संपूर्णपणे मी लिहिलेलं आहे."

हे पत्र कुठे पाठवायचं नाही, म्हणून इथे सांगतो. त्या प्रकरणाचा शेवटचा परिच्छेद, ज्यात तो म्हातारा थिएटरच्या दाराशी उभा राहून बाहेर पडणाऱ्यांचे चेहरे बघतो आणि त्यातल्या एकालाही तो कोण हे ठाऊक नसतं, तो माझा नाही. तिथे मी तीन कोरड्या ओळी लिहिल्या होत्या. तुम्ही त्या खोडल्यात आणि माझ्यासमोर, उभ्या उभ्या, तो परिच्छेद लिहिलात. ज्यांनी ज्यांनी पुस्तक वाचलं, त्यांना तेवढाच आठवतो. 'संपूर्णपणे' हा शब्द मी दोनदा खोडला होता. पाठवताना पुन्हा घातला.