हायासे घराण्याचा शेवटचा डाव

मी, वाशिमी तोकुजी, वय ८८, राहणार शिमान्तो नदीकाठ, कोची प्रांत, म्यानातून उपसतानाच वार करण्याच्या हायासे घराण्याच्या तलवारविद्येचा गुरू, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाशिवाय स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोके ठिकाणावर असल्याचा दाखला डॉक्टरीणबाईंनी दिला आहे. हातांचे त्यांनी विचारले नाही. अक्षर कापते आहे ते त्यामुळे.

१. घर आणि बँकेतली शिल्लक मुलगी मिसाओ हिला. ती म्हणते, "बाबा, मी इथे राहायला येणार नाही हं, आत्ताच सांगते." तर मग विकावे.

२. तालीमघर पाडावे. निशिवाकीला कोणत्याही किमतीत देऊ नये. माझ्याच गुरूंकडे शिकलेला हा माणूस पर्यटकांना भाड्याचे किमोनो नेसवून तलवारी उपसायला लावतो. अंत्यविधीला आलाच तर चहा द्यावा, बोलू देऊ नये.

३. माझी तलवार संग्रहालयाने घेतली नाही. "अशा पुष्कळ पडल्यात आमच्याकडे, आजोबा," तिथली मुलगी गोड हसून म्हणाली. मिसाओने तलवारीचे काय वाटेल ते करावे.

४. कुरोइवा सेइजी हा माझा उरलेला एकमेव शिष्य. वय एकाहत्तर, गुडघ्यांवर बसला की उठताना खांब धरतो. आमच्या घराण्याचा शेवटचा डाव गुरू फक्त वारसाला दाखवतो, तो लिहून ठेवायला मनाई आहे. लायक वारसाची वाट पाहण्यात माझा जन्म गेला. गेल्या हिवाळ्यात कुरोइवाच म्हणाला, "गुरुजी, मी लायक नाही, ठाऊक आहे मला. पण दुसरं आहे कोण?"

डाव दाखवायला मी बसलो. तलवारीच्या मुठीवर हात ठेवला. काहीच आले नाही. आधी पाय की आधी कंबर, तेही नाही. तरुणपणापासून अंगात मुरलेला डाव अंगातून निघून गेला होता.

"आज राहू द्या, गारठा फार आहे," असे म्हणून तो चहा ठेवायला उठला. त्यानंतर त्याने विषय काढलेला नाही. अजून येतो, तालीमघराची जमीन पुसतो, आणि आम्ही नवशिक्यांचे डाव करतो.

५. माझ्याबरोबर हायासे घराणे संपले, असे सर्वांना कळवावे. थडग्यावर नुसते नाव कोरावे, गुरू म्हणू नये.

कुरोइवाने खाली साक्षीदार म्हणून सही केली आहे. साक्षीदाराच्या नावे काही ठेवता येत नाही, असे वकील म्हणाले. "बरंच झालं की गुरुजी, माझ्या घरात जागा कुठंय?" तो हसत म्हणाला. मग त्याने पाचवे कलम पुन्हा एकदा वाचले आणि सही केली.

सही व शिक्का: वाशिमी तोकुजी
साक्षीदार: कुरोइवा सेइजी, ओकाबायाशी फुमी (शेजारीण)
स्थळ: नाकामुरा, कोची
दिनांक: ९ मार्च २०२३