चालू ठेवायचा कॉम्प्युटर

३ फेब्रुवारी, सोमवार

वारज्यात सामान लावून झालं. मंदाकिनीबाई काल लेकीकडे, तनयाकडे, कॅनडाला गेल्या. त्या येईपर्यंत हा फ्लॅट माझ्या हवाली. गावी शाळेत शिपाई होतो, वर्गांची कुलपं लावता लावता संध्याकाळ व्हायची. इथे तीन खोल्या, आणि गॅलरीत सकाळचं ऊन येतं. छान वाटलं.

काम थोडं आहे. झाडांना पाणी, घराची झाडलोट, आणि मागच्या खोलीतला कॉम्प्युटर चालू ठेवणं. तो बाईंच्या मुलाचा, सौमित्रचा. सौमित्र नोकरीला जर्मनीत, पण खेळ खेळतो या कॉम्प्युटरवर. फोनवर त्याने समजावून सांगितलं: खेळ चालतो वारज्यात, त्याचं चित्र फक्त इंटरनेटवरून त्याच्या मोबाईलवर जातं. त्याने तिथे बोट हलवलं की इथे पडद्यावरचा माणूस पळतो. लाईट जाऊन आली की बटण दाबायचं, एवढंच माझ्याकडे. बाई निघताना म्हणाल्या, "अहो गुलजारभाई, एखादं झाड वाळलं तरी चालेल. हा डबा बंद पडला, तर मला कॅनडात झोपू देणार नाही तो."

दुपारच्या नमाजनंतर त्या पडद्यावरच्या माणसाकडे पाहत बसलो. चालतो इथे, चालवणारा कुठेतरी लांब. आपलंही तसंच, असं मनात आलं. पण आपल्याला चालवणारा दयाळू आहे.

सोळा तारखेच्या रविवारी माझी जिनत येईल. इथल्या दवाखान्यात तिला नर्सची नोकरी लागली आहे. बाईंनी तिला इथेच ठेवून घ्यायला सांगितलं, आपली एक किल्लीही तिला पाठवून दिली. तिची आई गेल्यावर पोर मामाकडे वाढली. आता बाप-लेक एका घरात राहू.

६ फेब्रुवारी, गुरुवार

सौमित्रने नवा टॅब घेतला. तो जोडायचा म्हणजे एक रीत आहे. इथल्या पडद्यावर चौकट येते: 'नवे उपकरण', त्याखाली उपकरणाचं नाव. टॅबवर चार आकडे दिसतात, ते सौमित्रने फोनवर वाचून दाखवले, मी इथे टाकले. लगेच खेळ टॅबवर दिसायला लागला. तो म्हणाला, "काका, तुम्ही तर इंजिनियर निघालात! पुढचं डिव्हाइस तुमच्या नावाने."

उपकरण फार लांब गेलं किंवा नेट मंद झालं की काय होतं, तेही सांगितलं. बोट आत्ता हलतं, माणूस जरा वेळाने हलतो. कधी जागीच थिजतो.

मी नमाज हॉलमध्ये पढतो. समोर टीव्ही आहे, त्यावर चादर टाकतो. समोर चित्र नको.

१० फेब्रुवारी, सोमवार

सकाळी पुसायला गेलो तर पडद्यावर चौकट. नवे उपकरण: गुलजार.

हसू आलं. पोराने खरंच माझं नाव ठेवलं. त्याला फोन लावला, उचलला नाही. पण आकडे मला माहीत होते. त्यानेच परवा बोलता बोलता सांगितले असतील. कुणाला दारात ताटकळत ठेवू नये, असं माझ्या वडिलांचं वळण. टाकून दिले.

पडद्यावरचा खेळातला माणूस नाहीसा झाला. पडदा काळा झाला. काही बिघडवलं की काय, याची धास्ती वाटली.

दुपारपासून बोटांना मुंग्या आहेत.

१२ फेब्रुवारी, बुधवार

सौमित्रचा फोन आला. त्याने कुठलंही उपकरण जोडलेलं नाही. आकडे सांगितलेले नाहीत. त्याच्या यादीत माझं नावच नाही. "काका, चष्म्याचा नंबर बघून घ्या," म्हणाला.

नाव इथे यादीत आहे. त्यापुढे 'काढून टाका' आहे. तिथे बोट न्यायचं ठरवतो आणि बोट जात नाही. दुखत नाही. हात दुसऱ्याचा असावा तसा मांडीवर पडून राहतो.

पडदा आता काळा नाही. मी पाहतो ते त्यात दिसतं. पडद्याकडे पाहिलं की पडद्यात पडदा, त्यात पडदा. मान वळवली की कोपऱ्यातून कपाट सरकताना दिसतं.

आज तिन्ही खोल्यांतून फिरलो. प्रत्येक खण उघडला. मला काही नको होतं. गॅलरीच्या कठड्यावर पाय ठेवला, खाली वाकून पाहिलं, पाय काढला. नवीन माणूस खेळ शिकताना असंच करतो.

भीती वाटायला हवी. वाटत नाही. मुंग्या खांद्यापर्यंत आल्या.

आत्ता हात सोडला आहे, म्हणून लिहितो.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

जुम्याला मशिदीकडे निघालो. परत येणार नव्हतो. कोपऱ्यावरच्या भाजीच्या गाडीपाशी पाय थिजले. हात अर्धा उचललेला. भाजीवाली म्हणाली, "काका, कोथिंबीर घ्यायचीय का पुतळा व्हायचंय?" बायका हसल्या. मला तोंड उघडता येईना. मग पाय वळले. घराजवळ येत गेलो तसे झपाझप चालले.

घरात शिरलो आणि लाईट गेली. कॉम्प्युटर बंद. हात-पाय माझे! जोडा घालून दाराशी पोचलो आणि लाईट आली. बटण दाबायला नको होतं. पण काम ते काम. इतक्या वर्षांची सवय, घंटा झाली की उठायचं — हे मात्र मीच केलं. दाबलं.

१५ फेब्रुवारी, शनिवार

जिनतला मोबाईलवर लिहिलं, येऊ नकोस. अंगठ्याने पुसलं. अंगठ्याने लिहिलं, लवकर ये.

एक कळलं. सजद्यात, कपाळ जमिनीला टेकलं की, डोळे मिटलेले असतात. तेव्हा पडद्यावर अंधार. तेव्हा ते थांबतं, वाट पाहतं. डोळे मिटले की हात माझा.

डोळे मिटूनच लिहितोय. ओळी वाकड्या येतील.

डोळे मिटायच्या आधी पडद्यावर चौकट पाहिली. नवे उपकरण: जिनत.

आकडे मला माहीत आहेत. टाकणार नाही. उघडणार नाही डोळे.

१६ फेब्रुवारी, रविवार

मिटलेलेच. फजरच्या नमाजपासून. डोळ्यांवर रुमाल बांधला, गाठ मारली.

कॉम्प्युटरची वायर उपटायला चाचपडत होतो — बेल वाजली.

आली. दार मी उघडलं नाही, तिच्याकडे बाईंची किल्ली —

विचारते, अब्बा, रुमाल कशाला? डोळे आलेत का? बघू.

मान हलवतो. जीभ जड. हिला जा म्हणायचंय. शब्द निघत नाही. वही पुढे केली. म्हणते, अहो अब्बा, एकावर एक लिहिलंय, काय वाचू? पुन्हा लिहितो. जा. जा.

मागच्या खोलीत गेली.

हसते आहे. अब्बा, माझं नाव आहे इथे. तुम्ही लावलंत? आकडे मागतंय.

उठलो. कपाटाला धडकलो.

म्हणते, थांबा, मला माहीत आहेत आकडे. तुम्हीच नाही का सांगितलेत फोनवर —

नाही. जिनत, मी नाही —

कळ वाजली. दुसरी. या अल्लाह, तिसरी —