चौथ्या कॅसेटवर आत्या गेली

सापगाव, १२ मे १९९७

तीर्थरूप वाल्मिकमामा,

शेखरचा नमस्कार. इकडे सगळे खुशाल आहेत, आणि हे मी रिवाज म्हणून लिहीत नाही, मोजून लिहितोय. मामींचा राग उतरला का? त्यांनी घराबाहेर काढलेल्या तुमच्या त्या काळे कपडेवाल्या विलायती बँडच्या अकराही कॅसेटी माझ्याकडे सुखरूप आहेत. (सतरा-अठरा वर्षं एकाच बँडला इतकं दुःख पुरतं कसं?) तुम्ही बजावल्याप्रमाणे पहिलीपासून क्रमाने ऐकतोय. दुसरीत गायकाला सर्दी असावी.

रविवारी चौथीची पाळी आली, आणि त्याच दुपारी मुरबाडहून अनिताला बघायला पाहुणे यायचे होते. आधीची दोन स्थळं फिस्कटलेली, त्यामुळे घरात सगळ्यांचे जीव टांगणीला. आई तिला घेऊन साडी नेसवायला पलीकडच्या आळीत गेली होती. मी पडवीत टेप लावला आणि दूध आणायला गेलो. चौथीत तो माणूस बारा मिनिटं हंबरडा फोडतो, मागे घंटा वाजते. आमची लहानीआत्या आठवडाभर तापाने अंथरुणावर. शेजारच्या ठमीकाकींनी हंबरडा ऐकला, दारातून डोकावल्या, डोक्यावरून पांघरूण घेतलेली आत्या पाहिली आणि गावभर सांगून मोकळ्या झाल्या. मी येतो तो पाच घरांतून पिठलं-भाकरी आलेली (मयताच्या घरी चूल पेटत नाही ना), आणि कुडाला तिरडीचे हिरवे बांबू टेकवलेले.

ते बांबू बघून पाहुणे रस्त्यावरूनच मागे फिरले. तेवढ्यात अनिता नटूनथटून आली. तिचा चेहरा बघवेना हो. गलक्याने आत्या जागी झाली आणि गोधडीसकट धावत सुटली, "मी नाय मेले रे! पोरीच्या हातचा चा तरी पिऊन जा!" पाहुणे आधी दुप्पट वेगाने चालू लागले. (त्यांची काय चूक?) शेवटी ठमीकाकींनी पुढे होऊन आत्याला चिमटा काढून दाखवला, तेव्हा ते परतले. कुणी मेलेलंच नाही, मग पिठलं साधंच, असा निवाडा आत्याने दिला. मुलाच्या वडिलांनी तीन भाकऱ्या खाल्ल्या. लग्न ठरलं, मामा! आत्याचा तापही उतरला. सुटलो एकदाचे.

तुमचा,
शेखर

ता. क. मुलगा, जगन, टेपपाशीच अडकला होता. त्याच्याकडे पहिल्या तीनच आहेत. हुंडा नको म्हणाला, फक्त पुढच्या मिळतील का विचारलं. मी अकराही कबूल केल्या आहेत. नाही म्हणू नका.

पुन्हा ता. क. चौथी मात्र आणखी एक पाठवा. आत्या ती सोडत नाही. आपल्या मयताला कोण येणार ही तिला काळजी होती. आता म्हणते, नुसत्या टेपवर पाच घरं आली, खऱ्या वेळीही हीच लावा.