सज्ज्याखालची भिंत

ता. २ फेब्रुवारी

चि. मोजपट्टी हिस काकांचे अ. उ. आ.

तुझं पत्र काल पोचलं. काकूने मोठ्याने वाचून दाखवलं, पण तेवढ्याने भागलं नाही म्हणून चष्मा लावून मी पुन्हा वाचलं. तुझं पहिलं स्वतंत्र काम, आणि तेही कुठलं, तर आमच्या आर्किटेक्ट साहेबांनी आखलेलं टेकडीवरचं घर! तुझे बाबा असते तर गल्लीत एकालाही सुखाने चहा पिऊ दिला नसता. ज्या घराच्या सळया बापाने बांधल्या, सेंटरिंगच्या फळ्या-टेकू चुलत्याने ठोकले, ते घर पोरगी पुन्हा मूळच्या रूपात आणणार. लहानपणी माझी मोजपट्टी पळवून मांजराची शेपटी मोजायचीस, तेव्हाच ओळखायला हवं होतं.

साहेब मोठा माणूस. बाकीचे आर्किटेक्ट चकचकीत बूट घालून यायचे, हे अनवाणी माझ्या फळ्यांवर चालायचे. गिलावा करू द्यायचे नाहीत. काँक्रीटवर फळीची रेघ न् रेघ उमटली पाहिजे म्हणायचे. भिंतीने काही लपवू नये, हे त्यांचं ठरलेलं वाक्य.

आमच्या वेळची एक रीत तुला सांगून ठेवतो. स्लॅबचा शेवटचा टेकू काढताना सेंटरिंगवाल्याने स्वतः खाली उभं राहायचं. जो उभा राहणार नाही त्याचा आपल्या कामावर भरवसा नाही, असं समजायचे. माझ्या हातचं एक छत असं नाही ज्याच्याखाली मी उभा राहिलो नाही.

आता एक सांगणं. दरीकडच्या सज्ज्याखाली अवजारांची खोली आहे, तिची पुढची भिंत आहे तशी असू दे. जुनी भिंत हलवली की ओल चढते. बाकी घरात तुला काय करायचं ते कर.

जेवणाची आबाळ करू नकोस. आशीर्वाद आहेतच, तुझा जीवही आमच्यावर असाच राहू दे.

तुझा,
काका


ता. ६ फेब्रुवारी

ती. काकांस सौ. काकूंसह कृ. सा. न. वि. वि.

घर बघून वेडी झाले आहे. कागदावर पाहिलं होतं, पण दार उघडून आत गेलं की भिंती संपतात आणि नुसता उजेड उरतो. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एकच खिडकी. कुठे नक्षी नाही, खांब नाही. बैठकीच्या छताकडे बघत पडून राहिले तर तुमच्या फळ्यांच्या गाठी दिसल्या, मोजल्या, एकशे बारा! हसू नका, मोजपट्टी म्हणून तुम्हीच नाव ठेवलंत.

मी इथेच एका खोलीत राहते. तारा बदलायच्या म्हणून वीज आणि फोन दोन्ही तोडले आहेत, तेव्हा पत्रच खरं.

आता तुमच्या भिंतीचं. काका, ती मूळ नकाशात नाही. साहेबांनी तो सज्जा नऊ फूट बाहेर काढला होता, खाली काहीही नाही, नुसती दरी. सगळं घर त्या एका सज्ज्यासाठी आहे. मालकांच्या मुलाने साहेबांची वही मला वाचायला दिली. त्यात एका दिवशी एवढंच आहे की आज टेकडीवर गेलो, सज्ज्याखाली भिंत घातली आहे, गाडीतून उतरलो नाही. पुढे ते इथे कधी आले नाहीत. आपल्या घरांचं जे पुस्तक त्यांनी काढलं त्यात या घराचा फोटोही घेतला नाही. मालकांनी आपलं सगळ्यात चांगलं काम नासवलं, असं मनात धरून साहेब वारले. म्हणून ती भिंत पाडणं हे माझं पहिलं काम आहे. आणि ओल चढेल म्हणता, तर भिंतच काढल्यावर ती चढेल कशावर?

काकूंना सांगा, जेवते वेळेवर. लोभ असावा, तो मागायची वेळ तुम्ही कधी आणली नाहीत.

तुमची,
मोजपट्टी


ता. ९ फेब्रुवारी

चि. मोजपट्टी हिस अ. उ. आ.

पत्र वाचल्यापासून घास गोड लागत नाही. तू थट्टा केलीस ती ठीक, पण ओलीखेरीज आणखीही गोष्टी आहेत. त्या खोलीत सापांची वस्ती आहे. आम्ही काम करत होतो तेव्हाच दोन निघाले होते. भिंत पाडलीस की ते घरात शिरतील. शिवाय दरीतून वारा असा येतो की ती भिंत नसेल तर खिडकीच्या काचा टिकणार नाहीत. आणि वहीत काही लिहिलेलं असो, ती भिंत साहेबांना विचारूनच घातली होती. मी स्वतः विचारलं होतं.

मला एक बघून कळव. सज्ज्यावर उभी राहिलीस की घराच्या भिंतीला लागून, फरशीवर, या टोकापासून त्या टोकापर्यंत एक बारीक रेघ दिसते का? दिसत असली तर तिच्यात नख जातं का?

काकू म्हणते, यांना शिंक आली तरी भूकंप झाल्यासारखं वाटतं, पोरीला कामाच्या ठिकाणी कशाला छळता. तिला काय कळतंय. तू भिंतीला हात लावू नकोस. मालकांना सांग माझा म्हातारा काका आजारी आहे, त्याला बघून येते, आणि चार दिवस इकडे निघून ये. मग बोलू.

उत्तर लगेच टाक. जीव टांगणीला लागलेला,

काका


ता. १३ फेब्रुवारी

ती. काकांस कृ. सा. न. वि. वि.

ओल, साप, वारा आणि साहेबांची परवानगी. चार कारणं झाली. पहिल्याला मी हसले. दुसऱ्यासाठी सापवाल्याला बोलावून खोली झाडून घेतली, एक म्हातारी पाल निघाली. वाऱ्याचं काचवाल्याला विचारलं, तो म्हणाला काचा भिंतीच्या वर आहेत, खालून वाऱ्याने त्यांना काय करायचंय? आणि चौथं तर साहेबांच्या स्वतःच्या अक्षराने खोटं पाडलं. काका, सरळ सांगा ना, ती भिंत तुम्ही आणि बाबांनी बांधली म्हणून जीव अडकला आहे. अडकू दे. तिचे दगड मी फेकणार नाही, अंगणात त्यांचा कट्टा बांधीन आणि त्यावर तुम्हाला बसवीन.

रेघ आहे. नख जात नाही, पत्र्याची पट्टी जाते. धुतल्यावर तिथलं पाणी उशिरा सुकतं. इंजिनिअर म्हणाले, तो काँक्रीट भरतानाचा सांधा असेल. त्यांनी मूळ नकाशावरून सगळं गणित पुन्हा केलं. सळया जेवढ्या दाखवल्या आहेत तेवढ्यांवर असे दोन सज्जे तरतील. साहेबांचं गणित चुकत नसे.

भिंत १९ तारखेला निघेल. मुद्दाम तो दिवस घेतला, माझा वाढदिवस. बाबा सांगायचे, इकडे मी जन्मले आणि तिकडे त्याच दिवशी या सज्ज्याचं काँक्रीट भरलं. म्हणजे आम्ही जुळी भावंडंच. आणि तुमची रीत मी पाळणार आहे. शेवटचा दगड निघेल तेव्हा सज्ज्याखाली मी उभी असेन. मुकादम म्हणतो, बाई, असलं आता कोणी करत नाही. मी सांगितलं, आमच्या घरात करतात.

लोभ असू द्या, धास्ती थोडी कमी केलीत तरी चालेल.

तुमची,
मोजपट्टी


ता. १६ फेब्रुवारी

चि. मोजपट्टी,

आशीर्वाद लिहायलाही हात धजत नाही. तुझं पत्र आज दुपारी आलं. ही चार कारणं मी तुला का दिली ते आता लिहितो. पाचवं कारण खरं आहे, ते लिहायची लाज वाटत होती.

ज्या दिवशी सज्जा भरायचा होता त्या दिवशी पहाटे तुझ्या आईला कळा सुरू झाल्या. तुझे बाबा सगळं टाकून दवाखान्यात धावले. सळया कापून, वाकवून ठेवलेल्या होत्या, बांधायच्या तेवढ्या बाकी. मिक्सर आला, माणसं आली. साहेब परगावी. मी म्हटलं, धाकट्याचं काम आहे, मी करतो. आयुष्यभर त्याला सळया बांधताना पाहिलं होतं. मी चौथीपर्यंत शिकलेला, पण नकाशातली जाड रेघ मला कळत होती. त्या नकाशात सळया स्लॅबच्या वरच्या अंगाला काढल्या होत्या. मी तोवर शेकडो स्लॅब पाहिले होते, प्रत्येकात लोखंड खाली. मला वाटलं, नकाशा काढणाऱ्याचा हात चुकला. मी सगळ्या सळया खाली घातल्या. एवढ्या शिकलेल्या लोकांची चूक आपण दुरुस्त केली म्हणून त्या दिवशी मी खूशही होतो. संध्याकाळी तू झाल्याचा निरोप आला, मी सगळ्यांना पेढे वाटले.

दोन्हीकडून धरलेल्या छताला लोखंड खाली लागतं. हवेत पुढे आलेल्या सज्ज्याला वर लागतं. हे तुझ्या बाबांनी मला महिन्याभराने सांगितलं. तेव्हा आम्ही टेकू काढत होतो. रीतीप्रमाणे मी खाली उभा होतो. टोकाकडचे टेकू काढले आणि वरून सुपारी फुटावी तसा आवाज आला. सज्ज्याचं टोक माझ्या डोळ्यांसमोर बोटभर खाली आलं. मी उभा राहिलो एवढं खरं लिहिलं होतं, पळालो ते लिहिलं नाही. तुझ्या बाबांनी धावत जाऊन टेकू परत ठोकले. मग मला एकच विचारलं, दादा, सळया वर घातल्यास ना? मी मान खाली घातली.

त्याने मला शब्दाने दुखवलं नाही. मालकांना अवजारांची खोली हवीच होती असं पटवून दोन दिवसांत आम्ही ती भिंत उभी केली. साहेब आले, गाडीतून न उतरता गेले. मी गच्चीवरून बघत होतो. खाली उतरून सांगायला हवं होतं. मालकांचा काही दोष नव्हता.

तो सज्जा इतकी वर्षं त्या भिंतीवर बसून आहे. इंजिनिअरने जे गणित केलं ते नकाशाचं. नकाशातल्यासारखं तिथे काहीच नाही. विश्वास नसेल तर एवढं कर. त्या रेघेजवळ छिन्नीने वरून खण. दोन बोटांवर सळई लागली तर मी खोटा. चार बोटांवरही लागली नाही तर सगळी माणसं बाहेर काढ आणि भिंतीजवळ जाऊ नकोस.

तार करायला गेलो होतो. तारमास्तर रोजच्या बैठकीतला. त्याच्यासमोर हे कसं लिहू? भिंत काढू नकोस, एवढंच लिहिलं. तो म्हणाला, आजोबा, अजून चार शब्द बसतात. मी नको म्हटलं. घरी आल्यापासून ते चार शब्द मोजतोय.

आजची गाडी गेली. उद्या पहाटे निघतो, वाटेत एक मुक्काम, १८ तारखेला संध्याकाळी तुझ्या दारात पोचेन. वाटेत काही झालं तर निदान हे पत्र पोचावं म्हणून टाकतो. मी आलो की त्या भिंतीला पाठ लावून बसणार. मग पाडायची असेल तर आधी मला उठव.

तुझा अपराधी,
काका


ता. १७ फेब्रुवारी

ती. काकांस कृ. सा. न. वि. वि.

तुमची तार आत्ता मिळाली. भिंत काढू नकोस! मला वाटलं घरी काही विपरीत झालं, उभ्या उभ्याच उघडली. वाचली आणि भिंतीला टेकून इतकी हसले की मुकादम बघायला आला. काकांचं पाचवं कारण आलं, म्हटलं, पण या खेपेला कारण घालायलाच विसरले. तार खिशात ठेवली आहे, म्हातारपणी नातवंडांना दाखवीन.

आणि काका, काय भिंत बांधलीत! सकाळपासून दोन्ही बाजूंनी सोडवायला घेतली तर वरच्या थरातला दगड हलेना. सज्जा आणि दगड यांत कागद सरकेल एवढीही फट नाही, जणू कोणी वरून दाबून धरलं आहे. मुकादम म्हणाला, असे हात आता राहिले नाहीत. ऊर भरून आला. शेवटी पहार घालून दोन्ही टोकं मोकळी केली, मधली दोन हात भिंत तेवढी उरली आहे. आतल्या बाजूला चुन्यात बाबांच्या अक्षरात माझी जन्मतारीख कोरलेली सापडली. मी तिथे बोट फिरवत बसले. आपल्या मुलीची तारीख कोणी अवजारांच्या खोलीत कोरतं का? पण बाबाच ते.

संध्याकाळी मध्येच वरून टक् असा आवाज आला, दोनदा. माणसं दचकली. मी म्हटलं, इतकी वर्षं कोंडलेला आहे बिचारा, आळस देतोय.

एक बदल झाला आहे. घराचे फोटो काढायला मालकांनी बोलावलेले लोक १९ तारखेला सकाळीच येताहेत, त्यांना सज्जा मोकळा हवा. म्हणून उरलेली भिंत एक दिवस आधी, उद्याच काढतो. वाढदिवस जरा लवकर आला म्हणायचा. तुम्ही इथे असायला हवे होतात, पण एवढा प्रवास तुम्हाला झेपणार नाही हे मला कळतं. म्हणून एक करा. पत्र पोचेल तेव्हा ही वेळ टळून गेलेली असेल, तरी मनाने या. उद्या, १८ तारखेला, सकाळी बरोबर नऊ वाजता मी सज्ज्याखाली मधोमध, तुम्ही उभे राहिला होतात त्याच जागी उभी असेन.

काकूंना नमस्कार. तुमचा लोभ डोक्यावर आहे, मला आणखी कसला आधार हवा?

तुमची,
मोजपट्टी