मधल्या माणसाची हाक

अमारिलो, टेक्सास
१८ ऑगस्ट १९५७, रविवार

प्रिय ऑपल,

पीचच्या मुरंब्याची बाटली पोचली, न फुटता. मी बरा आहे. उकाडा मात्र जीव घेतोय. माझा हा कितवा बेसबॉल संघ, असं विचारलंयस. मी मोजायचं कधीच सोडलं, तूच मोज.

कर्टिस मंगळवारच्या बसने येतोय. उतरवून घ्यायला कुणाला तरी सोबत ने, त्याचा गुडघा प्लास्टरमध्ये आहे. तुझा भाऊ सांगेल, "चूक माझीच, वेंडेलची हाक ऐकूच आली नाही." खोटं आहे ते.

जूनमध्ये चेंडू कपाळाला लागला तेव्हा लिहिलं होतं, नुसतं टेंगूळ आलं. टेंगूळ गेलं, उजव्या डोळ्यापुढचं धुकं गेलं नाही. कर्टिसने लगेच ओळखलं. "म्हाताऱ्या, चेंडूकडे बघतोयस की देवाकडे?" मग चेंडू उडाला की तोच माझ्या डावीकडून ओरडून सांगायचा, "मागे, अजून मागे, आता थांब." त्याच्या जिवावर मी खेळत राहिलो.

शुक्रवारी वरच्या संघाचा खेळाडू निवडणारा माणूस कर्टिसचा खेळ बघायला आला होता. चेंडू आम्हा दोघांच्या मधे उडाला. कर्टिस ओरडला, "मी घेतो!" चेंडू त्याचाच होता. पण त्या माणसाने मलाही बघावं असं वाटलं गं. मी ओरडलो, "माझा!" मैदानाच्या मधल्या खेळाडूने, म्हणजे मी, हाक दिली की बाकीच्यांनी थांबायचं, हा आमचा नियम. तो जागच्या जागी थांबला. मी आंधळ्यासारखा धावत त्याच्या गुडघ्यावर आदळलो. डॉक्टर म्हणतो, चालता येईल. धावण्याचं विचारू नका.

मॅनेजर हॉलिसला सगळं सांगितलं. त्याने दार लावून घेतलं. "हे मी ऐकलेलं नाही. रविवारी उभा राहा. दुसरा माणूस आणू कुठून?"

आज उभा राहिलो. डावीकडे नवा खेळाडू होता, माझ्या तोंडाकडे बघत. मी एकदाही हाक दिली नाही. जे त्याला जमले ते त्याने घेतले, बाकीचे चेंडू माझ्यापुढे पडत राहिले. लोकांनी आईबापाचा उद्धार केला. खेळ संपताच हॉलिसने मला काढून टाकलं. मला हायसं वाटलं, आणि त्याची लाजही वाटली.

मी घरी यावं का, हे कर्टिसला विचार. माझ्या बाजूने एक शब्दही बोलू नकोस. तो नको म्हणाला, तर तेवढंच लिहून पाठव.

तोवर इथेच थांबलेला,
वेंडेल