उणे चाळीस आणि पाच पिल्लं

३ एप्रिल
नीकाची पिल्लं आज पाच आठवड्यांची. चार कुत्रे, एक कुत्री. नीका म्हातारी झाली, हे तिचं शेवटचं वेत. बर्फावरून माझी स्लेज-गाडी ओढणाऱ्या कुत्र्यांचा तीस वर्षांचा वंश आता या पाचांवर.

९ एप्रिल
डोरा आली – बहिणीची मुलगी. गावातल्या कुत्र्यांना तीच सुया टोचते. लस विमानानं आली, बर्फाच्या डब्यातून. "मामा, ही पहिली. मग दर तीन-चार आठवड्यांनी, चार महिन्यांची होईपर्यंत. तोवर पार्व्हो, तो पिल्लं मारणारा हगवणीचा रोग, कधीही धरेल. परक्या अंगणातलं काही आत नको. बूटसुद्धा."
वाटेवर दोर बांधला. शेजारचा एसॉ पलीकडून म्हणतो, "म्हाताऱ्या, पिल्लं आहेत की बिशपची पोरं?"

११ एप्रिल
खोकं पुरेना. एसॉनं त्याचं लाकडी कुत्राघर दिलं. त्याची पिल्लं शरदात रोगानं गेली, तेव्हापासून ते अंगणात रिकामंच होतं. पिल्लं त्यात हलवली.

१७ एप्रिल
सगळ्यात बारकं कोपऱ्यात पडून आहे. खात नाही. दोनदा ओकलं, पिवळा फेस. माशाचं पाणी जास्त झालं असेल.

१८ एप्रिल
रक्ताची हगवण – आणि तो वास! डोरानं तपासलं. पार्व्होच. "काल का नाही बोलावलंस?" हवा खराब, विमान नाही, म्हणजे डॉक्टर नाही. ती कातडीखाली सलाईन देते आहे. बाकीचीही मलूल.

१९ एप्रिल
बारकं गेलं.

२१ एप्रिल
आणखी दोन. दुकानात सगळ्यांसमोर म्हणालो, एसॉच्या कुत्राघरानं मारली.

२२ एप्रिल
चौथंही गेलं. डोरानं विचारलं, "ते घर ब्लीचनं धुतलं होतंस?"
नाही. एसॉनं सांगितलं होतं धुवायला. मी म्हटलं, अख्खा हिवाळा उणे चाळीसात उघड्यावर होतं, कसला रोग उरतोय? आम्ही मांस, मासे, सगळं थंडीच्या भरवशावर ठेवतो.
"थंडीत तो मरत नाही, मामा. टिकतो. मासा टिकतो तसाच."
हे दुकानात कुणाला सांगितलेलं नाही.

२५ एप्रिल
उरलेल्या एकट्या पिल्लानं, कुत्रीनं, पाणी चाटलं. ओकली नाही.

२६ एप्रिल
उभी राहिली. पाय लटपटतात.

७ जून
दुकानात जाऊन खरं सांगितलं. एसॉ तिथेच होता. म्हणाला, "मला माहीतच होतं. तू जन्मात काही धुतलंयस?" सगळे हसले. मीही थोडा.
त्याच्याकडे आता नुसते म्हातारे कुत्रे उरलेत. पुढल्या हिवाळ्यात त्याची स्लेज कोण ओढणार, जळण कसं आणणार?

९ जून
डोरा म्हणते, एसॉच्या अंगणातल्या मातीत रोग वर्षभर तरी राहील. नवं पिल्लू तिथे टिकणार नाही. यातून उठलेलं असेल तेच टिकेल.
उद्या माझी वाचलेली कुत्री त्याला देऊन येतो.