कुर्त्याखालचं जानवं

बाबा, तुमच्या त्या जानव्याची डावी बाजू बंद पडली आहे. तुम्ही जाऊन दहा-बारा वर्षं झाली, पण तुमच्या यंत्राच्या तक्रारी संपल्या नाहीत. फरक एवढाच की आता त्या माझ्याकडे येतात. तुम्ही कॉम्प्युटरचे प्रोफेसर, शोध लावणारे, आणि मी नववी नापास, ग्वाल्हेरपासून इतक्या लांब कोइम्बतूरला लिफ्ट बसवत फिरणारा. जगात तुमच्या शोधाचं एकच गिऱ्हाईक, ते म्हणजे तुमचे आंधळे थोरले भाऊ, आणि त्या गिऱ्हाइकाची सर्व्हिस मी बघायची! रोज संध्याकाळी काकांचा फोन येतो. हालहवाल काही नाही, सरळ सुरुवात. "अरे, तुझ्या बापाची डावी बाजू अजून मुकीच आहे. उजवी बोलते." मी वर चढलेलो असतो, हातात पाना असतो, खालून फोरमन तमिळमध्ये ओरडत असतो. मी म्हणतो, काका, नंतर करतो. काका म्हणतात, "नंतर म्हणजे कब?"

तुम्हीच सांगा, एवढी खटपट करून एकच का बनवलंत? काठी जमिनीवरचं सांगते, पण डोक्याशी येणारं काही सांगत नाही. दुकानाचं अर्धं ओढलेलं शटर, ताडपत्रीचा बांबू, उभ्या ट्रकमधून बाहेर आलेल्या सळया. काकांच्या कपाळावर टेंगूळ नाही असा आठवडा जात नव्हता, आणि ते बघून तुम्ही या कामाला लागलात. पहिलं यंत्र मला चांगलं आठवतं. छातीवर जेवणाच्या डब्याएवढी पेटी, तिला लाल दिवा, खांद्यांवर पट्टे. समोर काही आलं की त्या त्या बाजूच्या खांद्यावर थरथर व्हायची. स्वयंपाकघरात आईनं झारे, कढया टांगलेल्या असायच्या, त्यांच्यामधून तुम्ही काकांना चालवत होता आणि आई ओटा अडवून उभी होती, "माझं दूध उतू जाईल, दोघं बाहेर व्हा!" काका एकाही कढईला धडकले नाहीत. तुम्ही इतके खूश झालात की मला, मार्कशीट लपवून उभ्या असलेल्या मला, काहीच विचारलं नाही.

मग काका ते घालून निघाले, शिंदे की छावनीपासून फूलबागेपर्यंत, त्यांच्या रोजच्या वाटेनं. तुम्ही आणि मी मागून चालत होतो. एरवी त्या वाटेवर काय गोंगाट असायचा! "कक्का, बाएँ! गाय बैठी है!" "कक्का, रुको, टेंपो निकल जाने दो." "कक्का, आज देर कर दी, भाभी ने डाँटा क्या?" काकांचं लग्नच झालेलं नाही, तरी ही मस्करी रोज व्हायची आणि काका रोज उत्तर द्यायचे, "डाँटने वाली ढूँढ दो, फिर पूछना!" त्या दिवशी सगळी गल्ली चिडीचूप. लोक बाजूला सरकत होते, लाल दिव्याकडे बघत होते. मिठाईवाला तोंड उघडणार, तेवढ्यात त्याच्या पोरानं त्याला अडवलं, "रहने दो, मशीन लगी है." काका कुठेही न धडकता घरी आले, पट्टे काढून तुमच्या हातात दिले आणि म्हणाले, "तुझं यंत्र उत्तम आहे. आज माझ्याशी कोणी बोललंच नाही."

बस, तिथून तुमची मती फिरली. माणूस यंत्र बनवतो ते दाखवायला, आणि तुम्ही पुढची सगळी वर्षं ते लपवण्यात घालवलीत. दिवा गेला, पेटी गेली, तारा कापडाच्या पट्टीत शिवल्या गेल्या. डाव्या खांद्यावरून उजव्या कमरेला, कुर्त्याच्या आत, अगदी जानव्यासारखं; डावीकडचं खांद्याला कळायचं, उजवीकडचं कमरेला. समोरच्या दोन मोठ्या बटणांमध्ये तुम्ही त्याचे डोळे बसवलेत. बाहेरून बघणाऱ्याला फक्त एक म्हातारा काठी टेकत जाताना दिसायचा, आणि गल्ली पुन्हा "कक्का, बाएँ!" करायला लागली. वर काकांनी त्यात नाटक घातलं. ट्रक असल्याचं खांद्याला कळलेलं असलं तरी कुणी ओरडेपर्यंत ते थांबून राहायचे.

गुडगाँवहून कंपनीवाले आले तो दिवस मी विसरणार नाही. आईनं पोहे केले होते. त्यांना यंत्र पसंत होतं, पण ते चष्म्यासारखं तोंडावर हवं होतं, चमकणारं, लांबून दिसणारं. "सर, दिखेगा नहीं तो बिकेगा कैसे?" तुम्ही म्हणालात, "दिखेगा तो लोग चुप हो जाएँगे." त्यांना वाटलं तुम्ही थट्टा करताय. ते हसले, पोहे खाऊन निघून गेले. मी दारातच तुम्हाला म्हणालो, काय बिघडलं असतं दिसलं तर? हजारो लोकांना मिळालं असतं! तुम्ही चष्मा पुसत म्हणालात, "तुला नाही समजायचं. आधी नववी तर पास हो." बाबा, अजून लागतं ते. नववी मी पास झालो नाही ते नाहीच, आणि माझा प्रश्नही चुकीचा नव्हता. जे दिसू नये म्हणून तुम्ही उभं आयुष्य घातलंत, ते कुणाला दिसलं नाही. बरोबरचे लोक कुठल्या कुठे गेले, तुम्ही मात्र बटणं घासत बसलात.

आता आई ताईकडे इंदूरला असते, घरी काका एकटे. डावी बाजू गेल्यापासून ते चौकाच्या पुढे जात नाहीत. एकदा गेले तर बोर्डाचा कोपरा भुवईवर लागला. मग रिक्षा करून कंपू बाजारातल्या मोबाइलवाल्याकडे जानवं घेऊन गेले, तो म्हणाला, "कक्का, ये तो किसी दर्ज़ी का काम लगता है! इस नाप की मोटर मँगवा दो, लगा मैं दूँगा." ती मोटर म्हणजे जुन्या मोबाइलमध्ये थरथरणारी असते ना, तीच. नखाएवढी.

इथे मी दिवसभर लिफ्ट बसवतो. लिफ्टमधली बाई मजल्याचा नंबर सांगते आणि आतली माणसं एकमेकांशी न बोलता वर जातात. खोलीवर चौघं आहोत, चौघांच्या चार भाषा. जानवं नीट चालत होतं तेव्हा काकांचा फोन दिवाळीला यायचा, तोसुद्धा घाईत, "फूलबागेत जायचंय, ठेवतो." आता रोज येतो. आधी भांडण होतं, मग मिठाईवाल्याची बातमी, मग मी काय जेवलो ते. मी खेकसतो, तेही खेकसतात. काल म्हणाले, "घाई नाही रे. फक्त ऊन उतरलं की पाय आपोआप दाराकडे जातात, आणि मग मी दारातच उभा राहतो."

मी म्हणालो, मोटर मिळत नाहीये काका, मागवली आहे.

बाबा, मोटर मिळाली आहे. पहिल्याच दुकानात मिळाली. किती तरी दिवसांपासून हत्यारांच्या पिशवीत, कापसात गुंडाळून ठेवली आहे. तुम्ही अशी मोटर कशी धरायचात ते आठवून मीही तिला दोन बोटांत धरून बघतो. कुरिअरचं दुकान आमच्या गल्लीतच आहे, अजून उघडं आहे. हे पत्र कुठे टाकायचं नाही, मोटर टाकायची आहे. आत्ता ती खिशात घातली, चप्पलही पायात सरकवली.

आणि काकांचा फोन वाजतोय. आधी तो घेतो.